बँकेने घराचा ताबा घेतला तर डीआरटीत दाद कशी मागायची

आधी पाकीट फोडा. माझ्या चुलत भावाकडे बँकेची दोन पाकिटं देव्हाऱ्याखालच्या खणात तीन महिने तशीच पडून होती, वहिनीला कळू नये म्हणून, आणि दारावर ताब्याचा कागद चिकटला तेव्हा घरात सगळ्यांना कळलं. पहिल्या नोटिशीचे ६० दिवस तोवर केव्हाच संपले होते.

तर होतं असं. हप्ता ९० दिवसांच्या वर थकला की खातं एनपीए, म्हणजे थकीत, होतं आणि बँक २००२ च्या सरफेसी (तारण विकून कर्ज वसूल करण्याच्या) कायद्याखाली कलम १३(२) ची नोटीस काढते, ६० दिवसांत सगळी रक्कम भरा म्हणून. या नोटिशीवर डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) जाता येत नाही, पण लेखी हरकत घेता येते आणि ती घ्याच. खात्याचं स्टेटमेंट मागवा, भरलेले हप्ते जमा दाखवलेत का, एनपीएची तारीख बरोबर आहे का, व्याज कसं लावलंय, तारण शेतजमीन तर नाही ना (शेतजमिनीला हा कायदा लागत नाही), देणं मुद्दल-व्याजाच्या एकूण रकमेच्या २० टक्क्यांपेक्षा कमी राहिलंय का, हे सगळं त्यात लिहा, रजिस्टर पोस्टाने पाठवा आणि पोच जपून ठेवा. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं, न दिल्यास पुढे हाच मुद्दा तुमच्या कामी येतो.

नंतर येतो ताबा. बहुतेक वेळा आधी सांकेतिक ताबा असतो, म्हणजे दारावर कागद आणि पेपरात सूचना, तुम्ही घरातच असता, त्यामुळे लोकांना वाटतं अजून काही झालेलं नाही. झालेलं असतं! कलम १७ खाली डीआरटीत अर्ज करायचे ४५ दिवस इथूनच मोजायला लागा, तहसीलदार पोलीस घेऊन कुलूप लावायला येईपर्यंत थांबू नका. कागदाचा तारखेसकट फोटो काढा. सूचना ७ दिवसांत दोन पेपरांत, त्यातल्या एका स्थानिक भाषेतल्या, यायला हवी, ती कात्रणं शोधा. भावाच्या केसमध्ये मराठी पेपरातली सूचना उशिरा आली होती, वकिलांनी सगळ्यात आधी तेच धरलं.

डीआरटी तुमची नोकरी गेली का, आजारपण होतं का यावर निकाल देत नाही, बँकेने कायद्याची पायरी न पायरी पाळली का तेवढं बघते, म्हणून अर्जात रडगाणं कमी आणि तारखा जास्त ठेवा. पायरी चुकलेली निघाली तर ताबा परत द्यायचा आदेशही होऊ शकतो. पूर्वी या अर्जासाठी ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागायची, २००४ मध्ये मार्डिया केमिकल्सच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ती अट रद्द केली. आता फक्त फी. मात्र स्टे देताना काही रक्कम भरायला सांगतात, तेवढी तजवीज आधीच करून जा.

दिवाणी कोर्टात जाऊन दिवस घालवू नका, कलम ३४ ने तो रस्ता बंद आहे, आणि हायकोर्टही बहुतेक वेळा आधी डीआरटीत जा असंच सांगतं. कर्ज सहकारी बँकेचं असलं तरी सरफेसी लागतो, मुरगूडच्या बँकेच्या केसमध्ये २०२० ला घटनापीठाने ते ठरवून टाकलं. पतसंस्थेचं असेल तर गोष्ट वेगळी, तिथे सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला असतो.

लिलावाबाबत लोक फार फसतात. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत पैसे भरून घर सोडवता यायचं, पण २०१६ ची दुरुस्ती आणि बाफना मोटर्सच्या केसमधला २०२३ चा निकाल यामुळे लिलावाची सूचना छापून आली की तो हक्क संपतो. पैसे जमवत असाल तर ते त्याआधीच बँकेत पोचले पाहिजेत.

डीआरटीत हरलात तर ३० दिवसांत डीआरएटीत (वरच्या अपिलीय न्यायाधिकरणात) अपील, पण तिथे ५० टक्के भरावे लागतात, फार तर २५ टक्क्यांपर्यंत कमी होतात. म्हणून सगळा जोर पहिल्या अर्जावरच लावा, आणि वकिलाकडे जाताना नोटिशीसोबत पाकीटही न्या, त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्यावरून नोटीस कधी निघाली ते कळतं.