गोल्त्सोची मुलं आणि माझी पहिली फिल्म

जर्मनीत पॉट्सडॅममधल्या बाबेल्सबर्ग फिल्म विद्यापीठात शिकायला आले तेव्हा मला वाटायचं, चांगला विषय सापडला की माहितीपट अर्धा झालाच. पहिल्याच सत्रात माहितीपटकार विनफ्रीड युंगे यांचं काम पाहिलं आणि ती समजूत गेली.

युंगे 1950च्या दशकात इथेच शिकले. मग पूर्व जर्मनीच्या डेफा या सरकारी स्टुडिओत माहितीपट दिग्दर्शक कार्ल गास यांचे सहायक झाले. 1961च्या ऑगस्टमध्ये बर्लिनची भिंत उभी राहिली. त्यानंतर लगेचच, गास यांच्या सूचनेवरून, ते ओडर नदीच्या खोऱ्यातल्या गोल्त्सो गावात पहिलीत जाणाऱ्या मुलांचं चित्रीकरण करायला गेले. वाळूत खेळणारी मुलं, मग शाळेचा पहिला दिवस, एवढीच ती छोटी फिल्म. पण ते पुन्हा गेले, आणि 2007पर्यंत जातच राहिले. मुलं मोठी झाली, कामाला लागली, त्यांचे संसार झाले. मधेच देश नाहीसा झाला, डेफाही बंद पडली, पण काम थांबलं नाही.

इथे नव्याने शिकायला येणाऱ्यांनी युंगे यांच्या पत्नी बार्बारा युंगे यांच्या कामाकडे नीट पाहावं. त्या आधी या चित्रीकरणाच्या नोंदी ठेवत, नंतर संकलक आणि सहदिग्दर्शक झाल्या. वीस वर्षांपूर्वीचा एखादा चेहरा हवा तेव्हा सापडला, म्हणून तर पुढच्या लांब फिल्म होऊ शकल्या. मी आता प्रत्येक शॉटची तारीख, जागा आणि माणसाचं नाव त्याच रात्री लिहिते. कितीही दमले तरी.

जर्मन मात्र येण्याआधीच पक्की करा. माझी परीक्षेपुरती जर्मन गोठ्यात उभ्या असलेल्या म्हाताऱ्या शेतकऱ्यापुढे दोन मिनिटंही टिकली नाही. आणि केवळ माहितीपटांवर घर चालेल असं धरून येऊ नका. मी टीव्हीसाठी संकलन करते, त्यावर भाडं निघतं.

गोल्त्सोतल्या काहींनी पुढे कॅमेऱ्याला नकार दिला होता. हे वर्गात ऐकलं होतं, कळलं मात्र नव्हतं. माझ्या पहिल्या फिल्ममधल्या निवृत्त आजी पाचव्या भेटीत म्हणाल्या, आता पुरे. संमतीपत्रावर त्यांची सही होती, तिच्या जोरावर मी आग्रह करत राहिले. त्याचं मला आजही वाईट वाटतं. शेवटी त्यांच्याशिवाय फिल्म पुरी केली. त्यांचं चित्रीकरण तारखांसकट जपून ठेवलंय. दर नाताळला मी त्यांना पत्र लिहिते. उत्तर येतं, त्यात बागेची, गुडघ्याची खबर असते. फिल्मचा विषय त्यांनी अजून काढलेला नाही, मीही काढत नाही.