स्वतःच्या श्वासावरून वायूंची देवाणघेवाण कशी समजून घ्यावी

श्वसनाची आकृती पाठ करण्याआधी उताणे पडावे, एक तळहात छातीवर व दुसरा पोटावर ठेवावा आणि मुद्दाम काहीही न करता श्वास कसा चालतो ते पाहत राहावे. पोटावरचा हात वर उचलला जातो, पण त्याचे कारण पोटात हवा शिरते हे नव्हे. छाती व पोट यांमधला श्वासपटल हा घुमटाकार स्नायू आकुंचन पावून खाली सरकतो आणि पोटातील अवयवांना दाबतो. त्याच वेळी छातीची पोकळी मोठी होते, फुप्फुसांतील दाब बाहेरच्यापेक्षा किंचित कमी होतो आणि हवा आपसूक आत येते. शांत उच्छ्वासाला स्नायूंचे वेगळे श्रम लागत नाहीत, कारण ताणलेली फुप्फुसे स्वतःच्या लवचिकपणानेच आक्रसतात.

यानंतर मिनिटभराचे श्वास मोजावेत. लक्ष गेले की श्वासाची लय बदलते, म्हणून ही मोजणी आपल्या नकळत दुसऱ्या कोणी केलेली बरी. विश्रांतीत प्रौढ व्यक्तीचे साधारणपणे 12 ते 20 श्वास भरतात. आता कागदावर एक हिशेब अवश्य मांडावा, कारण माझ्या मते सारे मर्म त्यातच आहे. एका श्वासात सुमारे 500 मिलिलिटर हवा आत येते, परंतु त्यातील सुमारे 150 मिलिलिटर नाक, श्वासनलिका आणि तिच्या शाखांमध्येच राहते व देवाणघेवाणीच्या उपयोगी पडत नाही. म्हणजे 12 शांत श्वासांत 4,200 मिलिलिटर ताजी हवा वायुकोशांपर्यंत, म्हणजे जेथे देवाणघेवाण होते त्या फुप्फुसांतील इवल्या फुग्यांपर्यंत, पोहोचते. तेवढीच 6 लिटर हवा 250 मिलिलिटरच्या 24 उथळ श्वासांनी घेतली, तर केवळ 2,400 मिलिलिटर पोहोचते. धाप लागलेल्या माणसाचा उथळ श्वास त्याला का पुरत नाही, हे यावरून उमगते.

वायुकोशाची भिंत आणि तिला लगटून असलेली केशवाहिनी (अतिसूक्ष्म रक्तवाहिनी) यांतील पडदा मिलिमीटरच्या हजाराव्या भागापेक्षाही पातळ असतो. वायुकोशात ऑक्सिजनचा आंशिक दाब, म्हणजे वायूंच्या मिश्रणात एकट्या ऑक्सिजनचा दाब, सुमारे 100 आणि तेथे येणाऱ्या रक्तात सुमारे 40 मिलिमीटर पारा असतो. या फरकामुळेच ऑक्सिजन रक्तात विसरण पावतो, म्हणजे जास्त दाबाकडून कमी दाबाकडे आपोआप पसरतो, आणि तांबड्या पेशींतील हिमोग्लोबिन या प्रथिनाशी जोडला जातो. कार्बन डायऑक्साइड उलट दिशेने निघतो. त्याला जेमतेम 5 मिलिमीटरचा फरक पुरतो, कारण तो पाण्यात कितीतरी अधिक विरघळतो. रक्तातून तो मुख्यतः बायकार्बोनेट या विरघळलेल्या रूपात आलेला असतो.

कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो याचा पुरावा पाहायचा असल्यास ताज्या, गाळलेल्या चुन्याच्या निवळीत नळीने हळूहळू फुंकावे. कार्बन डायऑक्साइडमुळे निवळी दुधाळ होते. फुंकताना ती तोंडात ओढली जाऊ देऊ नये आणि डोळ्यांना चष्मा असावा. आत घेतलेल्या हवेत कार्बन डायऑक्साइड सुमारे 0.04 टक्के असतो, तर उच्छ्वासात तो 4 टक्क्यांच्या आसपास जातो.

शेवटी, निरोगी व्यक्तीने बसल्या जागी क्षणभर श्वास रोखून पाहावा. श्वास घेण्याची जी अनावर ओढ लागते, ती प्रामुख्याने साठत जाणाऱ्या कार्बन डायऑक्साइडमुळे. त्याची जाणीव होताच मस्तिष्कपुच्छातील (मेंदूच्या तळाशी असलेल्या भागातील) श्वसनकेंद्र स्नायूंना आज्ञा देते. म्हणूनच पाण्यात बुडी मारण्यापूर्वी भराभर श्वास घेणे घातक ठरते. त्याने रक्तातील कार्बन डायऑक्साइड घटतो, ऑक्सिजनचा साठा मात्र फारसा वाढत नाही, आणि ओढ लागण्याआधीच पाण्याखाली शुद्ध हरपू शकते. हा प्रयोग पाण्यात कधीही करू नये.