जॉर्ज लॉईड की लॉईड जॉर्ज? मुंबईच्या या गव्हर्नरांवर लिहिताना या चुका टाळा

पुण्यात महापालिकेजवळचा शिवाजी पूल अजूनही अनेकांच्या तोंडी 'नवा पूल' आहे. १९२३ साली तो खुला झाला तेव्हा त्याचं नाव होतं लॉईड पूल. गेल्या वर्षी एका स्मरणिकेचा मजकूर तपासायला माझ्याकडे आला होता. त्यात लिहिलं होतं, की पहिलं महायुद्ध जिंकून देणाऱ्या ब्रिटिश पंतप्रधानांचं नाव या पुलाला दिलं गेलं. शेजारी फोटो होता मानेवर रुळणारे पांढरे केस आणि भरघोस मिशा असलेल्या वयस्क गृहस्थांचा. वाक्य चुकलेलं होतं आणि फोटोही. छापायला चारच दिवस उरले होते, पण तेवढं पान आम्ही थांबवलं.

सगळ्यात मोठी आणि सगळ्यात जास्त वेळा होणारी चूक हीच. पुलाचे लॉईड म्हणजे जॉर्ज अँब्रोज लॉईड. फोटोतले गृहस्थ म्हणजे डेव्हिड लॉईड जॉर्ज. पहिल्याचं आडनाव लॉईड, दुसऱ्याचं लॉईड जॉर्ज. घोळ होतो कारण दोघं एकाच वेळी सत्तेवर होते. डेव्हिड लॉईड जॉर्ज डिसेंबर १९१६ ते ऑक्टोबर १९२२ पंतप्रधान होते, आणि त्यांच्याच कारकिर्दीत, डिसेंबर १९१८ मध्ये, जॉर्ज लॉईड मुंबईचे गव्हर्नर म्हणून आले. एक लिबरल पक्षाचे, दुसरे कॉन्झर्व्हेटिव्ह. फोटोबद्दल शंका आली तर वय पाहा. १९२३ साली माजी पंतप्रधान झालेले लॉईड जॉर्ज साठीचे होते, गव्हर्नर चव्वेचाळीसचे. आंतरजालावर नुसतं 'लॉईड' शोधलं की पंतप्रधानच आधी समोर येतात. म्हणून सोबत 'गव्हर्नर' आणि साल टाकावं, आणि मराठीत लॉईड, लॉइड अशी दोन्ही रूपं शोधावीत.

दुसरी चूक हुद्द्याची. आपल्याकडे त्यांना सरसकट 'लॉर्ड लॉईड' म्हणतात. मुंबईत होते तेव्हा ते सर जॉर्ज लॉईड होते. लॉर्ड झाले १९२५ साली, इजिप्तला जाताना. त्यांना 'व्हाइसरॉय' म्हणणं तर साफच चूक. व्हाइसरॉय होते आधी चेम्सफर्ड आणि एप्रिल १९२१ पासून रीडिंग. हा फरक पुसला गेला की १९२२ ची घटना कळतच नाही. गांधीजींना अटक करा, असा आग्रह मुंबईतून लॉईड धरत होते आणि दिल्लीचं सरकार कचरत होतं. अखेर १० मार्च १९२२ ला साबरमतीला अटक झाली, १८ मार्चला अहमदाबादला सहा वर्षांची शिक्षा झाली आणि गांधीजींना येरवड्याला आणलं गेलं. हे सगळं मुंबई इलाख्यातच घडलं.

'सैनिक' हा शब्दही जपून वापरावा. काही ठिकाणी ते 'जनरल लॉईड' झालेले मी पाहिले आहेत. ते पेशाने लष्करी अधिकारी नव्हते. जानेवारी १९१० मध्ये वेस्ट स्टॅफर्डशायरमधून खासदार झाले आणि महायुद्धात गेले ते वॉरिकशायर येओमनरी या स्वयंसेवी घोडदळाचे अधिकारी म्हणून. तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीच्या आघाडीवर होते, पुढे कैरोच्या अरब ब्यूरोत, म्हणजे ब्रिटिशांच्या गुप्तवार्ता कचेरीत. ऑक्टोबर १९१७ मध्ये तांबड्या समुद्रावरच्या अकाबा बंदराहून 'लॉरेन्स ऑफ अरेबिया' म्हणून गाजलेल्या टी. ई. लॉरेन्सबरोबर ते उंटावरून निघाले खरे, पण वाटेतूनच परतले. लॉरेन्सच्या पुढच्या, यार्मुक नदीवरचा रेल्वेपूल उडवण्याच्या मोहिमेत त्यांना घुसवू नका.

आता धरणांकडे येऊ. माझ्या मते आपल्या वाचकांसाठी हाच भाग सगळ्यात महत्त्वाचा. भोरजवळच्या भाटघर धरणाचं मूळ नाव लॉईड धरण, आजच्या जलाशयाचं नाव येसाजी कंक जलाशय. 'लॉईड यांनी धरणाचं उद्घाटन केलं' हे वाक्य किती ठिकाणी वाचलं असेल! धरण पुरं झालं १९२८ साली, तेव्हा गव्हर्नर होते लेस्ली विल्सन. लॉईड पाच वर्षांपूर्वीच मायदेशी गेले होते. तीच गोष्ट लॉईड बॅरेजची, म्हणजे लॉईड बंधाऱ्याची. पायाभरणी ऑक्टोबर १९२३ मध्ये लॉईड यांच्या हातून झाली, बंधारा सुरू झाला जानेवारी १९३२ मध्ये, फ्रेडरिक साइक्स गव्हर्नर असताना. हा ६६ गाळ्यांचा बंधारा सिंधू नदीवर, आजच्या पाकिस्तानातल्या सक्करला आहे. मुंबई सरकारने तो बांधला म्हणून महाराष्ट्रात शोधू नका; १९३६ पर्यंत सिंध मुंबई इलाख्यातच होता. नाव कोणाचं, पायाभरणी कोणाची आणि उद्घाटन कोणाचं, या तिन्हींची सालं वेगवेगळी लिहून काढली की गोंधळ उरत नाही.

माणसाचं एकाच रंगात चित्र काढणं हीही चूकच, आणि ती मला जास्त खुपते. नीरेच्या कालव्यांचं पाणी बारामती, फलटण, माळशिरसला पोचतं त्यामागे भाटघर आहे, म्हणून काही लेख त्यांना दयाळू विकासपुरुष करून टाकतात. त्याच कारकिर्दीत १९२१ साली मुळशीचे शेतकरी आपल्या जमिनी धरणाखाली जाऊ नयेत म्हणून सत्याग्रहाला बसले होते आणि तुरुंगात जात होते. वरळी, नायगाव, शिवडी, डिलाइल रोडच्या बीडीडी चाळी त्यांनी सुरू केलेल्या विकास खात्याच्या. गिरणगावच्या किती पिढ्या त्या १६० चौरस फुटांच्या खोलीत वाढल्या! मुंबईत बॅकबेच्या समुद्रात भर घालून जमीन करण्याची योजना मात्र इतकी फसली, की तिला 'लॉईडचा मूर्खपणा' असं नाव पडलं आणि काँग्रेसचे पुढारी खुर्शीद नरिमन यांनी तिच्यातल्या गैरकारभारावर रान उठवलं. यातलं एकही गाळलं तर चरित्र खोटं ठरतं.

मुंबई सुटली की गोष्ट संपली, असंही समजू नये. १९२५ ते १९२९ ते इजिप्तमध्ये हाय कमिशनर, म्हणजे ब्रिटिश सरकारचे प्रतिनिधी, होते. १९२६ मध्ये निवडणूक जिंकूनही इजिप्तचे राष्ट्रवादी नेते झगलूल यांना पंतप्रधान होऊ दिलं नाही ते लॉईड यांनीच, अलेक्झांड्रियाकडे युद्धनौका येत असताना. मजूर पक्षाचं सरकार आल्यावर १९२९ च्या जुलैमध्ये त्यांना राजीनामा द्यावा लागला. पुढे हिंदुस्थानला स्वायत्तता देणाऱ्या विधेयकाविरुद्ध ते चर्चिल यांच्या बाजूने लढले. १९३७ पासून ब्रिटिश कौन्सिलचे अध्यक्ष होते, आणि मे १९४० मध्ये चर्चिल यांनी त्यांना वसाहतमंत्री केलं. त्या पदावर असतानाच ४ फेब्रुवारी १९४१ ला ते वारले.

म्हणजे १९४१ नंतरच्या कागदांत 'लॉर्ड लॉईड' दिसले तर ते आपले गव्हर्नर नव्हेत, त्यांचे चिरंजीव. त्यांचं पूर्ण नाव अलेक्झांडर डेव्हिड फ्रेडरिक लॉईड. त्यातला 'डेव्हिड' पाहून पुन्हा पंतप्रधानांकडे वळू नका.