निमखाऱ्या टाकीत क्षार साठू नयेत म्हणून

मोनो, स्कॅट किंवा हिरवा पफर असे निमखाऱ्या, म्हणजे थोड्या खारट पाण्यातले मासे पाळणाऱ्यांना मी सगळ्यात आधी हेच सांगते: उडून जातं ते पाणी, मीठ टाकीतच राहतं. आमच्या शहापुरात मार्चपासून वळीव पडेपर्यंत टाकीची पातळी रोज उतरते. ती भरून काढायला खारं पाणी घातलं की खारटपणा वाढत जातो, आणि बोअरचं घातलं तर चुनाही साठतो. म्हणून उडालेलं पाणी आरओच्याच पाण्याने भरा. काचेवर बाहेरून चिकटपट्टीची खूण करा आणि रोज सकाळी तिथपर्यंत थोडं थोडं ओता.

पाणी बदलणं वेगळं. आठ-पंधरा दिवसांनी पाव टाकी उपसा. नवं पाणी बादलीतच तयार करायचं, मीठ समुद्री टाकीचंच घ्यायचं, स्वयंपाकाचं नको. ते रात्रभर एअरस्टोनवर (हवेचे बुडबुडे सोडणारा दगड) फिरू द्या, खारटपणा मोजणाऱ्या काट्याच्या हायड्रोमीटरवर 1.005 ते 1.010 च्या दरम्यान, तुमच्या टाकीत असेल तेवढंच आलं की मग घाला. इथे बोअरचं पाणी चालतं, या माशांना जड पाणी मानवतं.

काठावरचा पांढरा पापुद्रा येतो तो बुडबुडे फुटून उडणाऱ्या शिंतोड्यांचा. हवेचा जोर कमी करा, फिल्टरचं तोंड पाण्याखाली घ्या, वर काचेचं झाकण ठेवा; हवा खेळायला फट मात्र हवीच. पापुद्रा कोरडा खरवडू नका, ओरखडे पडतात. आरओच्या पाण्यात पिळलेलं फडकं दोन मिनिटं त्यावर दाबून धरा, तो आपोआप सुटतो. चुन्याचा थर तसा निघत नाही. फिल्टरची नळी, झाकण बाहेर काढून पांढऱ्या व्हिनेगरमध्ये अर्धा तास बुडवा. बारीक बुडबुडे येतात, तो चुना विरघळतोय. मग भरपूर धुवा. व्हिनेगर टाकीत कधीच नाही.

पावसाळ्यात इथे पाणी फारसं उडत नाही, पण काठावर राहिलेलं मीठ हवेतली ओल धरतं आणि वायरीवरून ओघळत प्लगकडे जातं. मला सगळ्यात जास्त काळजी याचीच वाटते. वायर सॉकेटच्या खाली झोळ देऊन मग वर न्या, म्हणजे थेंब तिथेच गळून पडेल. पुसताना आधी बटणं बंद.

हायड्रोमीटरही वापरून झाला की आरओच्या पाण्यात विसळा. काट्यावर क्षार बसले की काटा जड होतो, आकडा कमी दाखवतो, आणि मग गरज नसताना मीठ वाढवलं जातं.