एकाकी चौकीवरच्या थकलेल्या सैनिकांचा लघुपट कसा करावा

चित्रीकरणाआधी एका कागदावर चौकीचा नकाशा काढा: शत्रू कुठून येणार, दारूगोळा कुठे, पाणी कुठे, जखमी कुठे. हल्ला कायम पडद्याच्या एकाच बाजूने येऊ द्या. दिशा एकदा उलटली की कोण कोणावर गोळी झाडतोय हेच प्रेक्षकाला कळेनासं होतं. पहिल्या दोन मिनिटांत एखादा सैनिक जेवणाचे डबे वाटत सगळ्या मोर्च्यांवर फिरवला की नकाशा आपोआप डोक्यात बसतो.

वाळूची पोती गच्च भरू नका. टम्म पोतं गोल राहतं, घरंगळतं आणि उशीसारखं दिसतं. पाऊण भरा, फळीने थापून चपटं करा आणि विटांसारखा सांधमोड करत रचा. तोंडं आत दुमडलेली हवीत. वरच्या दोन थरांत खरी वाळू हवी, कारण कोपर तिथेच टेकतं. खाली लाकडी खोक्यांवर रिकामी पोती ठोकली तरी चालतं.

थकवा म्हणजे डोळ्यांखाली काजळी नव्हे. तिथे लालसर तपकिरी छटा द्या, पापण्यांच्या कडा किंचित लाल करा. ग्लिसरीन आणि पाणी निम्मं-निम्मं घेऊन घामाचे थेंब उठवा, त्यावर ब्रशने मुलतानी माती लावा; पंख्याने उडवली तर ती फुफ्फुसात जाते. कानामागची जागा, मान आणि नखं हमखास स्वच्छ राहून जातात. गणवेश कॉलर, बाह्यांच्या कडा, कोपर आणि गुडघे इथेच सँडपेपरने झिजवा, सगळीकडे सारखा नको. पाउचमध्ये खरं वजन भरा, म्हणजे पट्टा ओघळतो आणि चालही बदलते.

प्रसंग उलटसुलट क्रमाने चित्रित होणार, म्हणून प्रत्येक पात्राचा दिवसवार तक्ता ठेवा: दाढी, मळ, पट्टी, उरलेली मॅगझिन्स (बंदुकीला लावायच्या गोळ्यांच्या पेट्या). शेवटचा रकाना सगळ्यात महत्त्वाचा. मिनिटाला 600 गोळ्यांच्या वेगाने 30 गोळ्यांचं मॅगझिन 3 सेकंदांत रिकामं होतं. वीस सेकंद सलग फैरी झाडणारा नट तिथेच खोटा पडतो. त्यापेक्षा थरथरत्या बोटांनी सुट्या गोळ्या मॅगझिनमध्ये भरणारा हात जवळून दाखवा. एक गोळी मातीत पडू द्या आणि ती शोधून, पुसून परत भरेपर्यंत कट करू नका.

बंदुका रबरी किंवा निकामीच वापरा. ब्लँक, म्हणजे पुढे गोळी नसलेलं, नुसत्या दारूचं काडतूसही जवळून जीव घेतं. 1984 मध्ये जॉन-एरिक हेक्सम हा अभिनेता सेटवर ब्लँक काडतुसानेच जखमी होऊन दगावला. नळीच्या तोंडचा भडका एडिटिंगमध्ये एक-दोन फ्रेमपुरता टाका.

सेकंदाला 24 फ्रेमच्या चित्रीकरणात शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमवर प्रकाश पडण्याचा वेळ, 180 अंशांवर, म्हणजे 1/48 सेकंदावर ठेवा. हल्ल्यापुरतं 45 अंशांवर आणलं की हालचाल तुटक, बोचरी दिसते; प्रकाश मात्र दोन स्टॉपने घटतो, म्हणजे पाव उरतो, त्यामुळे संध्याकाळच्या प्रसंगात हा नाद सोडा.

ध्वनीत सर्रास होणारी चूक म्हणजे लांबचा स्फोट दिसताक्षणी ऐकू येणं. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो, म्हणजे तेवढ्या अंतरावरच्या टेकडीवरचा धमाका 24 फ्रेम उशिरा हवा. रायफलची गोळी मात्र आवाजापेक्षा वेगवान: आधी डोक्यावरून कडाका, मग लांबून बंदुकीचा दबका ठोका. हल्ला संपल्यावर संगीत लावायची घाई नको. निदान अर्धा मिनिट फक्त धाप, वारा आणि तापलेल्या नळीची बारीक टिकटिक राहू द्या.