पुंगळी कुठं अडकली ते आधी पाहा : आरमोररच्या कामात नवीन आलेल्या पोरांसाठी

पोलीस भरती होऊन आता आरमोरर (हत्यारं दुरुस्त करणारा) कोर्सला नंबर लागला अशी बरीच पोरं विचारतात की दादा रायफल अडकली की दोष कसा शोधायचा, म्हणून माझा अनुभव लिहून राह्यलो. फायरिंगच्या वेळी सगळ्यात जास्त तक्रार येते ती पुंगळी, म्हणजे उडालेल्या राउंडचं रिकामं पितळी खोळ, बाहेर न पडण्याची. आणि सगळ्यात जास्त चुकीचं निदान होते तेही याच तक्रारीत.

मी नवीन होतो तेव्हाची गोष्ट. मे महिना, आमच्याकडचं ऊन तुम्हाला माहीतच आहे, 45 च्या वर जाते, म्हणून सकाळी सहालाच रेंजवर पोचलो होतो. टेकडीच्या पायथ्याशी बट, म्हणजे गोळ्या अडवणारा मातीचा बांध, आजूबाजूला पळसाची झाडं आणि वाळलेलं गवत. एका जवानाची एसएलआर (सेल्फ लोडिंग रायफल) दर चार-पाच राउंडला अडकायला लागली. मी धावत गेलो, कॉकिंग हँडल खटाखट दोन वेळा ओढलं, पुंगळी खाली पडली, रायफल चालू. मला वाटलं काम झालं. शिकवणारे उस्ताद मागंच उभे होते, म्हणाले, "काऊन रे, पुंगळी कुठी अडकली होती?" मला सांगता येईना. "मंग तू पाह्यलंच काय बावा? रोक काढली, पण कारण तं फेकून देल्लं तू."

हे वाक्य मी आजपर्यंत विसरलो नाही. अडकलेली रायफल म्हणजे पंचनामा व्हायच्या आधीची जागा समजा, हात लावला की पुरावा गेला. नळी बटकडंच, बोट ट्रिगरच्या बाहेर, सेफ्टी लावायची, मॅगझिन लगेच ओढायचं नाही, आधी पुंगळी बाहेर पडायच्या खिडकीतून आत नीट पाहायचं. एक अपवाद आहे, ट्रिगर दाबला आणि नुसता खट आवाज आला, राउंड उडालाच नाही, तर नळी बटकडं ठेवून अर्धा मिनिट थांबायचं, उशिरानं उडू शकतो, तेव्हा डोकं खिडकीजवळ न्यायचं नाही.

आता मुख्य मुद्दा. पुंगळी ओढणं आणि पुंगळी फेकणं ही दोन वेगळी कामं आहेत, आणि दोन वेगळे पार्ट ती करतात. एक्स्ट्रॅक्टरची नखी पुंगळीच्या बुडाची कड पकडून तिला चेंबरमधून, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाला राउंड बसतो त्या जागेतून, मागं ओढते. ही नखी बोल्टवर, म्हणजे मागं-पुढं सरकणाऱ्या पार्टवर असते, मग बोल्ट मागं येता येता पुंगळीचं बूड इजेक्टरवर आपटते आणि ती उजवीकडून बाहेर उडते. एसएलआरमध्ये इजेक्टर बॉडीतच पक्का बसवलेला असतो, तो हलत नाही, पुंगळीच त्याच्यावर येऊन आदळते. म्हणून पुंगळी चेंबरमध्येच राहिली तर एक्स्ट्रॅक्टर, चेंबरची घाण, फाटलेली कड इकडं पाहायचं, आणि चेंबरमधून निघाली पण बॉडीतच लोळत राहिली तर प्रश्न वेगळा.

त्या दिवशी मी हाच फरक केला नाही. पुन्हा अडकली तेव्हा मी म्हटलं गॅस कमी पडत असंल, आणि रेग्युलेटर एकेक क्लिक बंद करत गेलो. राउंड उडाला की त्याचा गॅस पिस्टनला ढकलतो आणि पिस्टन बोल्टला मागं नेतो. एसएलआरमध्ये रेग्युलेटर जेवढा उघडा तेवढा गॅस बाहेर निघून जातो, बंद केला की पिस्टनला जोर जास्त मिळतो. दहा राउंड बरी चालली आणि मग आणखी वाईट अडकली, पुंगळी चेंबरातच, आणि काढून पाहिली तर बुडाची कड ओरबाडून फाटलेली. जास्तीच्या जोरानं नखीनं कडच तोडली होती.

उस्तादांनी मला बाजूला बसवून जवळची रिकामी पुंगळी हातात देली आणि विचारलं, पहिल्यांदा अडकली तेव्हा नवा राउंड मॅगझिनमधून निघाला होता का? जवान म्हणाला हो, पुंगळीच्या मागं येऊन टेकला होता. इथंच उत्तर होतं! बोल्टनं पुढचा राउंड उचलला म्हणजे बोल्ट पूर्ण मागं आला होता, म्हणजे गॅस पुरेसा होता. गॅस कमी असला तर पुंगळ्या आधी पायाजवळ मेल्यासारख्या पडतात आणि बोल्ट नवा राउंड न उचलताच पुढं जाऊन बसतो. इथं नखीची पकड सैल झाली होती, इजेक्टरपर्यंत पोचायच्या आधीच पुंगळी सुटत होती.

कोतमध्ये, म्हणजे हत्यारांच्या खोलीत आणून बोल्ट खोलला. नखीच्या खाली काळा कार्बन, पितळेचा बारीक चुरा आणि तेल वाळून झालेला चिकट थर, इतका की नखी पूर्ण बसतच नव्हती. आमच्याकडं धूळ बारीक असते आणि पोट्टे वरून तेलाचा मारा करतात, तेल कमी लावा, पुसून लावा. नखीची स्प्रिंग नवीन स्प्रिंगच्या शेजारी ठेवली तर डोळ्याला दिसेल इतकी दबून बसलेली. साफ करून, स्प्रिंग बदलून, ड्रिल राउंडची (दारू नसलेल्या सरावाच्या राउंडची) कड नखीत अडकवून बोल्ट हलक्या हातानं हलवला, राउंड पडला नाही. ही तपासणी ड्रिल राउंडवरच करा, जिवंत राउंडवर चुकूनही नको. आणि पार्ट बदलणं हे आरमोररचंच काम, जवानानं स्वतः करू नये.

9 मिमी पिस्तुलात गॅसचा भागच नाही, ते धक्क्याच्या जोरावर चालते. तिथं पुंगळी खिडकीत उभी अडकली तर आधी फायर करणाऱ्याचं मनगट पाहा, ढिलं धरलं की स्लाइडला मागं यायला पुरता आधार मिळत नाही. दुसऱ्या चांगल्या फायररच्या हातात तेच पिस्तूल, तेच मॅगझिन द्या. त्याच्या हातात चाललं तर उगाच खोलत बसू नका.

मॅगझिनवर खडूनं नंबर टाका. एका वेळी एकच गोष्ट बदला, मॅगझिन बदललं तर रेग्युलेटरला हात नाही, नाहीतर कशानं सुधारली तेच कळत नाही. आणि पुंगळ्या मोजून जमा कराव्याच लागतात, तर मोजताना त्यांची बुडंही पाहा. एका बाजूला ओरखडा, वाकलेली कड, सगळं त्यात लिहिलेलं असते.

त्या रायफलचे पुढच्या फायरिंगला मी स्वतः 20 राउंड टाकले, रेग्युलेटर परत पहिल्या जागेवर. सगळ्या पुंगळ्या उजवीकडं, पळसाच्या एका खुंटाजवळ, हातभर जागेत पडल्या. गवतात वाकून त्या वेचताना उस्तादांनी एकच उचलली, बूड पाह्यलं आणि माझ्या हातात ठेवली.