इंग्लंडच्या कॅथीड्रलमधील ऑर्गनवादन: या कामाकडे वळू पाहणाऱ्यांसाठी

कॅथीड्रलचा (बिशपच्या मुख्य चर्चचा) ऑर्गनवादक म्हणजे भव्य पाइप ऑर्गनवर मैफली करणारा एकलवादक, अशी समजूत बाळगून या क्षेत्राची चौकशी करणारे विद्यार्थी मला वरचेवर भेटतात. त्यांना मी सर्वांत आधी हे सांगते की इंग्लंडमध्ये हे काम प्रामुख्याने साथीचे आहे. संध्याकाळच्या गायनोपासनेला साथ करणे हा त्याचा कणा, आणि एकलवादन हा त्यातला लहानसा भाग. पुण्यात पियानोचे शिक्षण घेऊन मी इंग्लंडला आले, विद्यापीठात असताना ऑर्गनकडे वळले, पुढे एका कॅथीड्रलमध्ये ऑर्गन स्कॉलर (शिकाऊ वादक) आणि नंतर दुसऱ्या ठिकाणी साहाय्यक ऑर्गनवादक म्हणून काम केले. त्या अनुभवाच्या आधारे, तयारीचा भर कशावर असावा हे येथे लिहीत आहे.

या उपासनेला ‘कोरल इव्हनसाँग’ म्हणतात. १५४९ साली इंग्लंडच्या चर्चसाठी इंग्रजी प्रार्थनापुस्तक आले, तेव्हा सायंकाळ आणि रात्रीच्या दोन जुन्या लॅटिन उपासनांमधून तिची घडण झाली, आणि १६६२ च्या आवृत्तीतील तिचे रूप अनेक कॅथीड्रलांमध्ये आजही जवळपास तसेच टिकून आहे. सुमारे पाऊण तासाच्या या उपासनेत पाळीपाळीने गायिली जाणारी प्रार्थनावाक्ये, त्या दिवसाची स्तोत्रे, दोन शास्त्रपाठ, मरियेचे आणि शिमोनाचे गीत, प्रार्थना व अँथम (गायकवृंदाने गायची धार्मिक रचना) असा क्रम असतो. बहुतेक सर्व गायन गायकवृंदच करतो आणि जमलेली मंडळी ऐकतात. मंडळी बाहेर पडू लागली की ऑर्गनवर व्हॉलंटरी, म्हणजे एकल रचना, वाजते. नवख्या विद्यार्थ्याची बहुतेक मेहनत नेमकी याच शेवटच्या पाच मिनिटांवर खर्च झालेली असते. बीबीसी १९२६ पासून ही उपासना वेगवेगळ्या ठिकाणांहून प्रसारित करत आली आहे. ज्याला हे काम करायचे आहे त्याने दर आठवड्याचे प्रसारण स्तोत्रांचे पुस्तक समोर उघडून ऐकावे, आणि गायकांइतकेच लक्ष ऑर्गनकडे द्यावे.

स्तोत्रांविषयी मला थोडे सविस्तर लिहावेसे वाटते, कारण माझ्या मते कॅथीड्रलच्या ऑर्गनवादकाची खरी पारख बाख या जर्मन संगीतकाराच्या रचनांपेक्षा स्तोत्राच्या साथीत होते. प्रार्थनापुस्तकात १५० स्तोत्रे महिन्याच्या ३० दिवसांत, सकाळ आणि संध्याकाळ अशी वाटून दिली आहेत. पंधरा तारखेच्या संध्याकाळी ७८ वे स्तोत्र येते आणि त्या पुस्तकात त्याच्या ७३ ओव्या आहेत. आता पुष्कळ ठिकाणी निवडक भागच गातात. जिथे पूर्ण क्रम पाळला जातो तिथे त्या संध्याकाळी साथीदाराची कल्पकता आणि चिकाटी दोन्ही पणाला लागतात. ज्या चालीत ही स्तोत्रे गातात तिला अँग्लिकन चँट म्हणतात. साधी चाल दहा स्वरमेळांची (कॉर्डांची) आणि एका ओवीपुरती असते, तर दुहेरी चाल वीस स्वरमेळांची आणि दोन ओव्यांची. ओवीच्या प्रत्येक अर्ध्या भागातला पहिला स्वरमेळ लागतील तेवढ्या अक्षरांसाठी धरून ठेवायचा आणि पुढचे शब्द उरलेल्या स्वरमेळांवर बसवायचे. यात मोजून दिलेली लय नसते. बोलण्याच्या ओघातच गायन चालते.

ऑर्गनवादकासमोर छापलेले असतात फक्त चार आवाजांतील ती छोटी चाल आणि शब्द. कोणत्या ओवीला कोणते स्टॉप (पाइपांचे संच चालू-बंद करणारे खुंटे) ओढायचे, कुठे पेडल (पायांनी वाजवायचे स्वर) सोडून द्यायचे, कुठे चाल एक सप्तक खाली किंवा वर न्यायची, कुठे टेनरची (उंच पुरुषी आवाजाची) ओळ वेगळ्या कीबोर्डवर उठवून दाखवायची, आणि कुठे हात पूर्ण उचलून गायकांना एकटे सोडायचे, हे सगळे त्याने ठरवायचे असते. ११४ व्या स्तोत्रात पर्वत मेंढ्यांसारखे उड्या मारतात, २९ व्या स्तोत्रात परमेश्वराचा आवाज गंधसरू मोडतो. अशा जागी काहीतरी घडले पाहिजे, पण प्रत्येक शब्दाचे चित्र काढत बसले की ऐकणारा कंटाळतो. कीर्तनातला पेटीवाला बुवांच्या शब्दावर कान ठेवून कधी भरतो, कधी थांबतो, त्याच जातीचे हे भान आहे. त्यासाठी माझा सल्ला असा की चाल आधी पूर्ण पाठ करावी, म्हणजे डोळे शब्दांसाठी मोकळे राहतात. रोज एक स्तोत्र स्वतः मोठ्याने गात वाजवावे. स्वतःचा श्वास जिथे संपतो तिथे गायकांचाही संपतो, हे आपोआप कळत जाते.

वाद्याविषयी. मोठ्या इंग्रजी कॅथीड्रलमधील ऑर्गनला बहुधा चार कीबोर्ड असतात, त्यांना ग्रेट, स्वेल, क्वायर आणि सोलो अशी नावे आहेत, आणि खाली पायांनी वाजवायचा पेडलबोर्ड असतो. पियानोवर हात बसलेल्या विद्यार्थ्याला पेडलांची धास्ती वाटते, पण नियमित सरावाने पाय वर्षभरात बऱ्यापैकी बसतात. बोटांची सवय बदलायला अधिक वेळ लागतो. ऑर्गनवर पियानोसारखे पेडल दाबून स्वर लांबवता येत नाहीत. की उचलताच स्वर थांबतो, म्हणून स्वर सोडण्याचा क्षण हा धरण्याच्या क्षणाइतकाच महत्त्वाचा ठरतो. हेन्री विलिस या कारागिराची सेंट पॉल्स (१८७२), सॉल्झबरी (१८७७) आणि लिंकन (१८९८) येथील वाद्ये या परंपरेचा मानदंड मानली जातात. लिव्हरपूलच्या अँग्लिकन कॅथीड्रलमध्ये त्यांच्या नातवाच्या पेढीने बांधलेल्या ऑर्गनला दहा हजारांहून अधिक पाइप आहेत. पण संख्येपेक्षा मला त्या काळच्या वाद्यांतील स्वेलची पेटी मोलाची वाटते. झडपांमागे बंद असलेले पाइप पायाच्या दाबाने हळूहळू उघडता येतात, त्यामुळे मुलांच्या आवाजाला झाकोळून न टाकता साथ कुजबुजीपासून गर्जनेपर्यंत नेता येते. इंग्रजी साथीची शैली या सोयीच्या आधारानेच वाढली आहे.

यानंतर वास्तूचा प्रश्न येतो. ग्लॉस्टर, एक्सेटर, नॉर्विच, यॉर्क अशा ठिकाणी ऑर्गन सभागृह आणि गायकस्थान यांच्यामधील दगडी आडभिंतीवर उभा आहे. इतरत्र तो उंच बाजूच्या कमानीत असतो. गायक आणि पाइप यांच्यात ३० मीटर अंतर असेल तर आवाज पोहोचायला सेकंदाचा जवळपास अकरावा भाग लागतो, आणि जलद संगीतात हा उशीर ठळकपणे जाणवतो. त्यामुळे कानाला गायन मागे पडल्यासारखे वाटले तरी त्याची वाट पाहायची नसते. संचालकाच्या हाताकडे, म्हणजे कन्सोलवरच्या (वादकाच्या कीबोर्ड असलेल्या मेजावरच्या) छोट्या पडद्यावरील कॅमेऱ्याच्या चित्राकडे पाहून वाजवायचे असते. कानावर अविश्वास दाखवण्याची ही सवय संगीतकाराला फार अस्वस्थ करते. सेंट पॉल्समध्ये नाद विरायला सुमारे नऊ सेकंद लागतात. तिथे जी गती शोभते ती लहान कॅथीड्रलमध्ये रेंगाळल्यासारखी वाटेल. नव्या ठिकाणी रुजू झाल्यावर पहिले काही आठवडे दुसऱ्याला वाजवायला सांगून स्वतः गायकस्थानात आणि सभागृहाच्या टोकाला उभे राहून ऐकावे. हवामानही लक्षात घ्यावे लागते. उन्हाळ्यात साध्या पाइपांचा स्वर चढतो आणि जिभळीच्या (ज्यांत धातूची पाती कंप पावते त्या) पाइपांचा फारसा चढत नाही, मग दोन्ही एकत्र वापरणे नकोसे होते.

पदांची नावे नवख्याला गोंधळात टाकतात. ‘ऑर्गनिस्ट अँड मास्टर ऑफ द कोरिस्टर्स’ किंवा ‘डिरेक्टर ऑफ म्युझिक’ हा प्रमुख असतो, परंतु इव्हनसाँगच्या वेळी तो बहुधा गायकांसमोर उभा राहून संचालन करतो. ऑर्गन वाजवतो तो साहाय्यक किंवा उपऑर्गनवादक. म्हणजे ज्याला जन्मभर वाजवायचेच आहे त्याला बढतीनंतर वाजवायला कमी मिळते. हे आधीच समजून घ्यावे, कारण काही उत्तम वादक मुद्दाम दुसऱ्या क्रमांकाच्या पदावरच समाधानाने राहतात आणि तो निर्णय मला अगदी योग्य वाटतो. गायकवृंदात साधारण आठ ते तेरा वर्षांची मुले, आणि ‘ले क्लार्क’ म्हणवले जाणारे प्रौढ आल्टो, टेनर व बास असतात. शतकानुशतके या मुलांत केवळ मुलगे होते. १९९१ मध्ये सॉल्झबरीने मुलींचा स्वतंत्र गायकवृंद सुरू केला आणि त्यानंतर ही प्रथा झपाट्याने पसरली. प्रमुख पदावर स्त्रिया यायला त्याहून उशीर लागला: कॅथरिन डीन्स-विल्यम्स २००८ मध्ये गिल्डफर्डला त्या पदावर आल्या. माझ्यासारख्या बाहेरून आलेल्या स्त्रीला हे उदाहरण समोर असणे फार धीराचे होते.

मुलांबरोबर काम करायचे असल्याने पूर्वचारित्र्याची सरकारी तपासणी आणि बालसुरक्षेचे प्रशिक्षण सक्तीचे असते. आठवड्याची घडी साधारण अशी: शाळेआधी सकाळी मुलांची तालीम, दुपारनंतर पुन्हा थोडी तालीम, मग साडेपाचच्या सुमारास इव्हनसाँग, रविवारी सकाळी पवित्र सहभागिता आणि दुपारी पुन्हा इव्हनसाँग. आठवड्यातला एखादा दिवस गायकवृंदाला सुटी असते, आणि बऱ्याच ठिकाणी एक दिवस ऑर्गनविना गायन होते. तालमीत पियानोवर बसून गायकांच्या ओळी वाजवून दाखवण्याचे काम साहाय्यकाकडे येते. स्वतःच्या सरावासाठी ऑर्गन दिवसा क्वचितच मिळतो, कारण पर्यटक, शाळांच्या सहली आणि प्रार्थना चालू असतात. त्यामुळे कुलूप लागल्यावर रात्रीच बसावे लागते. नाताळात इतर सर्वांना सुटी लागते तेव्हा आपले काम ऐन भरात असते. नऊ पाठांच्या आणि कॅरोलांच्या ज्या उपासनेसाठी लोक रांगा लावतात, ती १८८० मध्ये ट्रूरो येथे सुरू झाली आणि १९१८ पासून केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजमुळे जगभर पोहोचली.

आपला मालक संगीतकार नसतो, हेही ध्यानात ठेवावे. कॅथीड्रलचा कारभार डीन (तिथला प्रमुख धर्मगुरू) आणि चॅप्टर (कारभारी मंडळ) पाहतात. उपासनेची आखणी प्रिसेंटर करतो. हा ताण फार जुना आहे. संगीतकार विल्यम बर्ड १५६३ मध्ये लिंकनला नेमला गेला. १५६९ मध्ये चॅप्टरने त्याचा पगार रोखला आणि उपासनेत ऑर्गन कसा वापरावा याच्या सूचना दिल्या. एकोणिसाव्या शतकात संगीतकार व ऑर्गनवादक सॅम्युअल सेबॅस्टियन वेस्ली हेरफर्ड, एक्सेटर, लीड्स, विंचेस्टर आणि ग्लॉस्टर असा फिरत राहिला आणि १८४९ मध्ये त्याने कॅथीड्रल-संगीताच्या दुरवस्थेवर जाहीर टीका केली. आजचे संबंध बहुतेक ठिकाणी सलोख्याचे आहेत, तरी खर्चाचा प्रश्न निघाला की संगीताची बाजू शांतपणे आणि आकड्यांनिशी मांडता यावी लागते.

तयारीचा मार्ग बराचसा ठरलेला आहे. ऑक्सफर्ड आणि केंब्रिजच्या अनेक कॉलेजांत ऑर्गन स्कॉलरशिप असतात, आणि त्यांच्या चाचण्या प्रवेशाच्या नेहमीच्या मुलाखतींच्या आधीच, सप्टेंबरच्या सुमारास होतात. कॅथीड्रलांमधील ऑर्गन स्कॉलरची जागा बहुधा वर्षभराची, राहण्याची सोय आणि थोडे मानधन देणारी असते. १८६४ मध्ये स्थापन झालेल्या रॉयल कॉलेज ऑफ ऑर्गनिस्ट्सच्या एआरसीओ (असोसिएट) आणि एफआरसीओ (फेलो) या पदविकांना या क्षेत्रात वजन आहे, कारण त्यांत ठरलेल्या रचनांखेरीज अनोळखी संगीत वाचणे, दुसऱ्या पट्टीत वाजवणे आणि अनेक ओळींचे गायनलेखन कीबोर्डवर एकत्र वाचणे यांचीही कसोटी असते. ही कौशल्ये आधी पक्की करा. मोठ्या रचना नंतरही बसवता येतात. तत्काळ रचना करत वाजवण्याचाही सराव हवा: मिरवणूक लांबली तर संगीत लांबवायचे, आणि सगळे जागेवर पोहोचले की दोन स्वरमेळांत, पुढच्या गायनाच्या पट्टीत, ते संपवायचे.

गोव्यातील ज्या मुलांना गावच्या चर्चमधल्या मेस्तांकडून (संगीतशिक्षकांकडून) लहानपणीच स्वरलेखन वाचायची सवय लागते, त्यांचा मोठा पल्ला आधीच पार झालेला असतो. मुंबई-पुण्यात पाइप ऑर्गन मोजकेच आहेत. जवळच्या चर्चमध्ये पेडल असलेले कोणतेही वाद्य मिळाले तर उपासनेला साथ करण्याच्या अटीवर सरावाची परवानगी मागावी, आणि ती साथ मनापासून करावी. श्रद्धेबाबत जाहिरातीत स्पष्ट लिहिलेले असते. काही पदांना चर्चचे सभासदत्व लागते, इतर ठिकाणी उपासनेविषयी आस्था पुरते. व्हिसाचे नियम अर्जाआधीच वाचावेत. विद्यार्थी व्हिसावर स्वयंरोजगाराला मनाई आहे, म्हणून लग्नसमारंभात वाजवून स्वतंत्रपणे मानधन घेणेही अडचणीचे ठरू शकते.

निवडीच्या दिवशी सहसा एक-दोन रचना, एखादे भजन, एखादे स्तोत्र गायकांबरोबर आणि काही अनोळखी वाचन करायला सांगतात. मोठ्या पदासाठी मुलांची छोटी तालीमही घ्यावी लागते. मुलाखतीत तुम्हीही विचारा: आठवड्याला किती उपासना मला वाजवायला मिळतील, शिकवणी कोण देणार, रात्री वाद्य किती वाजेपर्यंत वापरता येईल, आणि मागच्या स्कॉलरने इथून पुढे कुठे काम मिळवले.